महामार्ग, जमीन आणि मागे घेतलेली याचिका
वऱ्हाडातील भूसंपादनाचा एक ऐतिहासिक आढावा

पन्नास वर्षांची वाटचाल पूर्ण करणाऱ्या कोणत्याही धार्मिक न्यासाचे जुने दप्तर उघडले, तर त्यात दोन प्रकारचे कागद हमखास आढळतात. एका गाठोड्यात दानपत्रे, सातबारा उतारे आणि फेरफाराच्या नोंदी असतात. दुसऱ्यात नोटिसा, वकीलपत्रे आणि न्यायालयाच्या आदेशांच्या प्रमाणित प्रती असतात. पहिले गाठोडे समाजाच्या उदारतेची साक्ष देते, दुसरे त्या उदारतेचे रक्षण करताना झालेल्या दगदगीची. या दोहोंच्या मध्ये कधीकधी एक लहानसा कागद असतो, ज्याकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही. तो असतो दावा किंवा याचिका मागे घेतल्याचा आदेश. अवघ्या दोन-चार ओळींच्या त्या कागदाने काय मिळाले आणि काय कायमचे गेले, याचा उलगडा पुष्कळदा पुढच्या पिढीला होतो.

नांदगाव खंडेश्वर तालुक्यातून गेल्या काही वर्षांत महाराष्ट्रातील सर्वांत मोठा महामार्ग गेला. त्यानिमित्ताने जमीन, मोबदला आणि न्यायालय हे शब्द येथील घराघरांत बोलले गेले. सुवर्णमहोत्सवाच्या या प्रसंगी त्या विषयाचा इतिहास पाहणे म्हणूनच अप्रस्तुत ठरू नये.

रस्त्यांच्या वाटेवरील नांदगाव

खंडेश्वराच्या यादवकालीन हेमाडपंती मंदिरामुळे ज्याला आपले नाव लाभले, ते नांदगाव अमरावतीहून यवतमाळकडे जाणाऱ्या रस्त्यावर वसलेले आहे. कापूस, तूर आणि ज्वारी ही या काळ्या जमिनीची जुनी पिके, सोयाबीन अलीकडचे. याच तालुक्यातील पापळ हे भारताचे कृषिमंत्री डॉ. पंजाबराव देशमुख यांचे जन्मगाव. जैन समाजही या प्रदेशात नवा नाही. एका बाजूस भातकुली, उत्तरेस मुक्तागिरी, पश्चिमेस भट्टारकांच्या गादीचे आणि ग्रंथभांडारांचे कारंजा, अशा तीर्थांच्या आणि विद्याकेंद्रांच्या मधोमध हा मुलूख येतो. सैतवाळ, बघेरवाल, खंडेलवाल, ओसवाल अशा विविध ज्ञातींची कुटुंबे येथे शेती, कापूस, धान्य आणि सावकारी या व्यवसायांतून स्थिरावली. त्यांच्यापैकी अनेकांनी मंदिराला, स्थानकाला किंवा पाठशाळेला जमिनीचा तुकडा दिला. आज न्यासांच्या नावावर दिसणाऱ्या शेतांचा उगम पुष्कळदा अशा दानात असतो.

रस्त्यासाठी किंवा लोहमार्गासाठी जमीन जाणे हेही वऱ्हाडला नवे नव्हते. भुसावळहून बडनेरा, चांदूर, धामणगाव या मार्गे जाणारी ग्रेट इंडियन पेनिन्सुला कंपनीची गाडी १८६७ मध्ये नागपुरास पोहोचली. मूर्तिजापूरहून कारंजामार्गे यवतमाळला जाणारी अरुंद मापाची ‘शकुंतला’ विसाव्या शतकाच्या आरंभी धावू लागली. या रुळांखाली गेलेल्या शेतांच्या मालकांना कोणी विचारले असेल असे त्या काळच्या कायद्यांवरून वाटत नाही. वऱ्हाडात मुंबईच्या धर्तीवर रयतवारी लागू झाली होती आणि शेतकऱ्याचे नाव सरकारी खात्यात लागले होते. परंतु सार्वजनिक कामासाठी जमीन हवी असली की त्या नावाचा उपयोग मुख्यतः रक्कम कोणास द्यावयाची हे ठरविण्यापुरता होई.

कायद्याने टाकलेला भार

इंग्रजी अमदानीतील भूसंपादनाच्या कायद्यांत एक बारीक बदल झाला, त्याचा परिणाम आजपर्यंत टिकून आहे. १८७० च्या कायद्यात मोबदल्याच्या रकमेवर एकमत झाले नाही, तर प्रकरण न्यायालयाकडे पाठविण्याची जबाबदारी जिल्हाधिकाऱ्यावर होती. १८९४ च्या कायद्याने ही व्यवस्था उलटी केली. जिल्हाधिकाऱ्याचा निवाडा हाच अंतिम समजावा. ज्याला तो मान्य नसेल त्याने स्वतः, लेखी आणि मुदतीत अर्ज करावा, असे ठरले. शिवाय रक्कम स्वीकारताना ‘तक्रार राखून’ स्वीकारली असेल, तरच वाढीव मोबदल्याची मागणी ऐकली जाईल, अशीही अट आली. निमूटपणे अंगठा उठविणाऱ्याचा हक्क त्याच क्षणी संपे.

हा कायदा स्वातंत्र्यानंतरही सहा दशकांहून अधिक काळ चालू राहिला. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून वगळला गेला आणि अनुच्छेद ३००-अ मध्ये तो घटनात्मक हक्क म्हणून राहिला. १९८४ च्या दुरुस्तीने सक्तीच्या संपादनाबद्दलची दिलासा रक्कम १५ टक्क्यांवरून ३० टक्के झाली. त्याच दुरुस्तीत कलम २८-अ आले. एकाच अधिसूचनेतील एखाद्या शेजाऱ्याने न्यायालयात जाऊन वाढीव दर मिळविला, तर न्यायालयात न गेलेल्या लहान शेतकऱ्यालाही तीन महिन्यांच्या आत अर्ज करून तो दर मागता येऊ लागला. एकाचा दावा अनेकांना उपकारक ठरू शकतो, हे तत्त्व कायद्याने येथे मान्य केले.

१ जानेवारी २०१४ पासून लागू झालेल्या नव्या भूसंपादन कायद्याने दिलासा रक्कम १०० टक्के केली, ग्रामीण जमिनीसाठी बाजारमूल्यास गुणक लावला आणि पुनर्वसनाची तरतूद केली. मात्र १८९४ ची मूळ रीत त्यातही टिकली. निवाड्यावर हरकत घ्यावयाची असेल तर जमीनमालकाने ठरावीक मुदतीत लेखी अर्ज केलाच पाहिजे. भूसंपादनाच्या प्रकरणांत अन्यायाइतकेच नुकसान मुदत उलटल्यामुळे झाले आहे, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही.

समृद्धी महामार्ग : संमती आणि सक्ती

नागपूर आणि मुंबई यांना जोडणाऱ्या ७०१ किलोमीटर लांबीच्या द्रुतगती महामार्गाची घोषणा २०१५ मध्ये झाली. दहा जिल्ह्यांतील ३९२ गावांच्या शिवारांतून जाणारा, सर्वसाधारण १२० मीटर रुंदीच्या पट्ट्याचा हा मार्ग महाराष्ट्र राज्य रस्ते विकास महामंडळाने उभारला. अमरावती जिल्ह्यात धामणगाव रेल्वे, चांदूर रेल्वे आणि नांदगाव खंडेश्वर या तीन तालुक्यांतून त्याची सुमारे ७३ किलोमीटर लांबी जाते. पुढे तो कारंजाच्या बाजूने वाशीम जिल्ह्यात उतरतो. नागपूर ते शिर्डी हा ५२० किलोमीटरचा टप्पा ११ डिसेंबर २०२२ रोजी, तर इगतपुरी ते आमणे हा शेवटचा ७६ किलोमीटरचा टप्पा ५ जून २०२५ रोजी खुला झाला.

आरंभी शासनाने जमीन एकत्रीकरणाची योजना मांडली होती. जमीन देणाऱ्यास रोख रकमेऐवजी नव्या नगरात विकसित भूखंड आणि काही वर्षे वार्षिक रक्कम, असे तिचे स्वरूप होते. अनेक जिल्ह्यांत तिला विरोध झाला. हाती असलेली काळी जमीन देऊन उद्याच्या नगराचा कागद घेणे शेतकऱ्याच्या मनाला पटेना. तेव्हा २०१७ पासून थेट खरेदीचा मार्ग स्वीकारला गेला. संमतीने खरेदीखत करून देणाऱ्यास कायद्यानुसार येणाऱ्या रकमेवर २५ टक्के अधिक मिळत. ग्रामीण भागात ही रक्कम बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत जाई. जो संमती देणार नाही किंवा देऊ शकणार नाही, त्याची जमीन कायद्याने सक्तीने घेतली जाई आणि ते २५ टक्के त्याच्या हातून जात.

‘देऊ शकणार नाही’ हे शब्द येथे महत्त्वाचे आहेत. थेट खरेदीसाठी मालकी निर्विवाद असावी लागते. संयुक्त मोजणी होते, झाडे, विहीर, जलवाहिनी, बांधकाम यांचे वेगवेगळे मूल्यांकन होते, आणि वकिलाकडून हक्काचा शोध घेतला जातो. सातबाऱ्यावर वारसांची नावे लागलेली नसतील, भावकीत वाटणीचा दावा चालू असेल, किंवा बहिणीचा हक्क सोडल्याचा कागद नसेल, तर खरेदीखत अडते. अशा घरांसमोर दोनच वाटा होत्या. एक तर वाद चालू ठेवून रक्कम न्यायासनाकडे जमा होऊ द्यावी आणि निकालाची वाट पाहावी. किंवा एकत्र बसून तडजोड करावी, दावा मागे घ्यावा आणि हाती येणारी रक्कम वाटून घ्यावी. महामार्गाने शेत दुभागले, पण त्याच मार्गाने काही दुभागलेल्या भावांना एका टेबलाशी बसण्यास भाग पाडले, असेही म्हणता येईल. त्या बैठकीतील सर्वांचीच सही मोकळ्या मनाने झाली असेल असे मात्र मानता येत नाही. विशेषतः सासरी गेलेल्या मुलींच्या बाबतीत ‘वाद नको’ या शब्दांचा अर्थ किती वेळा ‘हक्क नको’ असा झाला असेल, याचा विचार समाजाने अवश्य करावा.

याचिका मागे घेणे म्हणजे नेमके काय

व्यवहारात ‘केस मागे घेतली’ हा एकच शब्दप्रयोग असला, तरी न्यायालयाच्या दृष्टीने त्याचे अनेक प्रकार आहेत आणि त्यांचे परिणाम फार भिन्न आहेत.

दिवाणी दाव्याबाबत दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २३ लागू होतो. वादीला आपला दावा केव्हाही सोडून देता येतो. परंतु न्यायालयाची परवानगी न घेता तो सोडला, तर त्याच कारणासाठी पुन्हा दावा आणता येत नाही. दाव्यात एखादा तांत्रिक दोष असेल किंवा अन्य पुरेसे कारण असेल, तर ‘नव्याने दावा आणण्याची मुभा ठेवून’ तो मागे घेण्याची परवानगी मागता येते. दोन्ही बाजूंत तडजोड झाली असेल, तर ती लेखी असावी, उभय पक्षांच्या सह्या तिच्यावर असाव्यात आणि न्यायालयाने ती नोंदवून घ्यावी, अशी रीत आहे.

शासनाच्या कृतीला आव्हान देणारी रिट याचिका उच्च न्यायालयात दाखल होते. अमरावतीकरांसाठी ते स्थान म्हणजे १ मे १९६० पासून मुंबई उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठ. अशा याचिकेविषयी सर्वोच्च न्यायालयाने सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिसच्या प्रकरणात एक दंडक घालून दिला. तो निर्णय १९८७ च्या निर्णयसंग्रहांत प्रसिद्ध आहे. फिरून दाद मागण्याची परवानगी न घेता रिट याचिका मागे घेतली, तर त्याच कारणासाठी उच्च न्यायालयात दुसरी रिट याचिका चालणार नाही, असा त्याचा आशय. न्यायाधीशांचा कल पाहून याचिका मागे घ्यावयाची आणि पुढे दुसऱ्या खंडपीठापुढे तीच मांडावयाची, या प्रवृत्तीला आळा घालणे हा त्यामागील हेतू होता. म्हणून आदेशात ‘मागे घेतली म्हणून निकाली’ असे लिहिले आहे की ‘मुभा राखून मागे घेण्यास परवानगी’ असे लिहिले आहे, हा केवळ भाषेचा भेद राहत नाही. त्या तीन शब्दांवर पुढील हक्क अवलंबून असतो.

भूसंपादनात आणखी एक विवेक लागतो. जमीन घेऊच नये हे एक भांडण, आणि घेतली तर योग्य दाम द्यावे हे दुसरे. पहिले भांडण सोडले म्हणून दुसरे सुटतेच असे नाही. निवाड्याची रक्कम तक्रार राखून स्वीकारली आणि मुदतीत अर्ज केला, तर दामाची लढाई चालू ठेवता येते. परंतु संमतीने खरेदीखत केले की ती साधी विक्री होते आणि वाढीव मोबदल्याची वाट सामान्यतः बंद होते. कोणते दार लावून घेत आहोत हे समजून जो लावतो, त्याने माघार घेतली असे म्हणता येत नाही; त्याने निवड केलेली असते.

लढत राहिल्याने आणि थांबल्याने

न्यायालयात लढत राहणे शहाणपणाचे की थांबणे, याला एकच उत्तर नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या दोन निर्णयांनी या प्रश्नाच्या दोन बाजू दाखविल्या आहेत.

राष्ट्रीय महामार्गांसाठी घेतलेल्या जमिनीला १९९७ नंतर दिलासा रक्कम आणि व्याज मिळत नसे. त्याच गावातील जमीन कालव्यासाठी गेली तर ही रक्कम मिळे, राष्ट्रीय महामार्गासाठी गेली तर मिळत नसे. तरसेमसिंग प्रकरणात १९ सप्टेंबर २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हा भेद समानतेच्या तत्त्वाविरुद्ध ठरविला. हा निर्णय पुढील काळापुरताच लागू करावा, ही राष्ट्रीय महामार्ग प्राधिकरणाची विनंतीही ४ फेब्रुवारी २०२५ रोजी फेटाळली गेली. काही शेतकऱ्यांनी वर्षानुवर्षे दावे सोडले नाहीत, म्हणूनच हा प्रश्न तेथवर पोहोचला.

दुसरी बाजू इंदूर विकास प्राधिकरण प्रकरणातील ६ मार्च २०२० च्या घटनापीठाच्या निर्णयात दिसते. मोबदला नाकारून वर्षानुवर्षे न्यायालयात राहिले म्हणजे जुने संपादन आपोआप रद्द होईल, ही अनेकांची आशा होती. मोबदला देऊ केला असताना ज्याने तो स्वतः नाकारला, त्याला ही सवलत मागता येणार नाही, आणि न्यायालयाच्या स्थगितीत गेलेला काळही मोजला जाणार नाही, असे घटनापीठाने स्पष्ट केले. केवळ वेळ काढण्यासाठी दावा जिवंत ठेवणाऱ्यांची पाटी अशा रीतीने कोरी राहिली.

दोन्ही निर्णय एकत्र वाचले म्हणजे बोध होतो. तत्त्वासाठी आणि रास्त दामासाठी धीर धरणाऱ्याचा दावा फळास येऊ शकतो. हट्टासाठी चालविलेला दावा बहुधा चालविणाऱ्यालाच खातो.

जैन समाजाच्या स्मृतीतील दोन प्रसंग

भूसंपादनाच्या बाहेर पाहिले, तरी दावा आणि तडजोड यांचा अनुभव जैन समाजाला पुरेपूर आहे. वाशीम जिल्ह्यातील शिरपूर येथील अंतरिक्ष पार्श्वनाथाच्या मंदिराबाबत १९०५ मध्ये दिगंबर आणि श्वेतांबर बांधवांत पूजेच्या वेळा ठरविणारा करार झाला होता. तो टिकला नाही. वाद अकोल्याच्या न्यायालयातून १९२९ मध्ये लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला, आणि त्यानंतरही शमला नाही. १९८१ पासून मंदिराला कुलूप राहिले. सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशानंतर मार्च २०२३ मध्ये ते उघडले. कोणाची बाजू खरी हा येथे प्रश्न नाही. बेचाळीस वर्षांत वऱ्हाडातील एक संपूर्ण पिढी त्या मूर्तीच्या सन्मुख पूजेवाचून वाढली, ही हानी दोन्ही संप्रदायांची होती.

दुसरा प्रसंग पालिताण्याचा. शत्रुंजयाच्या यात्रेकरूंवरील कराविषयी संस्थानाशी वाद विकोपास गेला, तेव्हा १९२६ पासून समाजाने यात्राच बंद ठेवली. दोन वर्षांनी, १९२८ मध्ये, व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांच्या मध्यस्थीने करार झाला आणि वार्षिक ६०,००० रुपये ३५ वर्षांपर्यंत देण्याचे ठरून यात्रा पुन्हा सुरू झाली. मागणी पूर्णपणे मान्य झाली नव्हती; पण रक्कम निश्चित झाली, मुदत निश्चित झाली, आणि सर्व काही लेखी झाले. पहिल्या प्रसंगात तडजोड पाळली गेली नाही, दुसऱ्यात ती नेमकी होती. फरक एवढाच, पण तो फार मोठा आहे.

आपल्या तालुक्याच्या सुपुत्राचे नाव ज्याच्याशी जोडले जाते, तो १९३३ चा कर्ज लवाद कायदाही याच जातीचा. सावकार आणि कुळ यांना न्यायालयाबाहेर लवाद मंडळापुढे बसवून कर्ज किती आणि हप्ते किती हे ठरविणे, असा त्याचा उद्देश होता. वऱ्हाडातील अनेक जैन पेढ्यांनी तेव्हा या व्यवस्थेची दुसरी बाजू पाहिली. सोडून देण्याचा अनुभव या समाजाला दोन्ही अंगांनी आहे.

न्यासाची जमीन सोडताना

खासगी मालकाने आपली याचिका मागे घेणे आणि न्यासाने मागे घेणे यांत मूलभूत अंतर आहे. विश्वस्त हा मालक नसतो. तो राखणदार असतो. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, १९५० च्या कलम ३६ नुसार न्यासाची स्थावर मालमत्ता विकण्यास धर्मादाय आयुक्तांची पूर्वपरवानगी लागते. मिळालेली रक्कम कोठे गुंतवावी याचेही नियम कलम ३५ मध्ये आहेत. अनेकांच्या वतीने चालणाऱ्या प्रातिनिधिक दाव्यात न्यायालयाच्या अनुमतीवाचून केलेली तडजोड आदेश २३ प्रमाणे निरर्थक ठरते.

जैन परंपरेची शिस्त तर याहून कडक आहे. देवासाठी अर्पिलेले द्रव्य देवद्रव्यच राहते, ही श्रद्धा कायद्याच्या कितीतरी आधीची आहे. शेताचे रूपांतर धनादेशात झाले म्हणून त्याचे अर्पितत्व संपत नाही. ज्या हेतूने दात्याने ते शेत दिले, त्याच हेतूशी ती रक्कम बांधलेली असते. अपरिग्रहाचे व्रत व्यक्तीने स्वतःच्या मालमत्तेपुरते पाळावे. दुसऱ्याने विश्वासाने सोपविलेल्या ठेवीबाबत उदार होणे हे अपरिग्रहात बसत नाही.

म्हणून एखाद्या न्यासावर याचिका मागे घेण्याची वेळ आलीच, तर काही गोष्टींचे भान असावे. निर्णय सभेत, सर्व विश्वस्तांच्या उपस्थितीत, कारणे नमूद करून व्हावा. जमिनीचा हक्क सोडत आहोत की केवळ हरकत, आणि दामाची मागणी राखून ठेवत आहोत की नाही, हे ठरावात स्पष्ट असावे. न्यायालयाच्या आदेशातील शब्द ठरावातील शब्दांशी जुळतात का, हे सही करण्यापूर्वी वाचून पाहावे. आणि हे सर्व कागद मूळ दानपत्राच्या शेजारीच ठेवावेत, म्हणजे पन्नास वर्षांनी दप्तर उघडणाऱ्यास दात्याने काय दिले आणि राखणदारांनी त्याचे काय केले, हे एकाच ठिकाणी वाचता येईल.

क्षमापनेच्या दिवशी जैन माणूस वर्षभरातील वैर सोडतो. पण त्याआधी तो प्रतिक्रमणात आपल्या कृत्यांचा एकेक करून आढावा घेतो. आढाव्यानंतरची क्षमा हीच खरी क्षमा. न्यायालयातील माघारही तशीच असावी. वैर सोडावे, हिशेब सोडू नये. सुवर्णमहोत्सवाच्या या टप्प्यावर समाजाच्या न्यासांच्या दप्तरात येणारा प्रत्येक नवा कागद पुढच्या पिढीला संकोचाशिवाय वाचता यावा, हीच मंगल कामना.